खड्ड्यातून काय दिसतं

खाली उभं राहणाऱ्याने वर बघायचं नसतं, हे तिला कुणी शिकवलं नाही. पहिल्याच दिवशी, करवतीच्या तिसऱ्या ओढीला, सासरा वर काय करतोय ते बघू तरी म्हणून तिने मान वर केली आणि मूठभर ओला भुसा थेट डोळ्यांत आला. डोळ्यांची अशी आग झाली की करवतीची मूठ सोडून ती खड्ड्यातच खाली बसली. वरून म्हातारा ओरडला, "मूठ का सोडलीस? लाकूड फाटेल ना!" सुनेचे डोळे गेले तरी चालतील, लाकूड फाटता कामा नये. असला माणूस.

त्या घराला सगळे करवतवाले म्हणत. पिढ्यान् पिढ्या काम एकच, मोठे ओंडके उभे चिरून फळ्या काढायच्या. घरामागे पुरुषभराहून खोल खड्डा, खड्ड्यावर दोन आडव्या तुळया आणि तुळयांवर ओंडका. एक जण ओंडक्यावर उभा, एक जण त्याच्या बरोबर खाली, खड्ड्यात. दोघांच्या मध्ये उभी लांब करवत, दोन्ही टोकांना मुठी. काजळीत बुडवलेल्या दोऱ्याने लाकडावर रेघ मारायची, तिला सूत म्हणायचं. वरच्याने करवत उचलायची आणि सुतावर ठेवायची, खालच्याने जीव खाऊन ओढायची. दाते खाली येताना कापतात, त्यामुळे खरी मेहनत खालच्याची आणि भुसाही खालच्याचाच. नाव मात्र वरच्याचं व्हायचं.

आधी खालची मूठ तिच्या नवऱ्याकडे असायची. आता नवरा जन्मठेपेवर तुरुंगात होता. घरात दोनच माणसं उरली, करवतीला मुठीही दोनच, म्हणून ती खड्ड्यात उतरली. लोक म्हणाले, बघा, एवढा नावाजलेला करवतवाला आणि सुनेला खड्ड्यात घातलं. कुणीतरी तिचं नाव करवतीण पाडलं. ती पहिले काही दिवस रडली, मग म्हणाली, करवतीण तर करवतीण, तुमच्या घरच्या दारांना फळ्या माझ्याच हातच्या आहेत, रोज उघडता तेव्हा आठवण ठेवा.

तीन वर्षांत तिचा उजवा खांदा उतरला, तळहातांना घट्टे पडले आणि डोळे कायमचे लाल झाले. खालून तिला दिसायचे ते म्हाताऱ्याचे तळवे. ओंडक्याच्या कडेला त्याच्या पायाची बोटं आवळलेली असत, टाचांना भेगा. तोंडावर कापड ओढून, नजर आपल्याच पायांवर ठेवून ती ओढायची. थांबल्यावर कधीतरी डोळे किलकिले करून वर बघितलं की ते तळवे. तीन वर्षांत तिने म्हाताऱ्याचं तोंड जितकं पाहिलं नसेल तितके तळवे पाहिले होते.

आणि खरं सांगायचं तर त्याचं तोंड बघायची तिची इच्छाही नव्हती.

झालं होतं असं. तेव्हा हे लोक वखारीत काम करायचे. गावाबाहेर मोठी लाकडाची वखार होती, तिथेही असाच खड्डा होता. त्या साली वखारीत कापायचं यंत्र येणार अशी बोलवा उठली आणि मुकादमाने हातकापणीच्या फळ्यांत खोड्या काढायला सुरुवात केली. एक दिवस सगळ्यांसमोर त्याने करवतीला लाथ मारली. करवतीला! तिच्या नवऱ्याचं डोकं फिरलं. "पुन्हा पाय लावलास तर पाय जाग्यावर राहणार नाही," तो म्हणाला. वीस माणसांनी ऐकलं. दुसऱ्या दिवशी सकाळी, ऊन चांगलं वर आलेलं असताना, खड्ड्यापासून चाळीस पावलांवर, फळ्यांच्या थप्पीजवळ मुकादम मरून पडलेला सापडला. मानेवर कुऱ्हाडीचा घाव. शेजारी कुऱ्हाड, आणि ती करवतवाल्यांची.

नवरा त्या वेळी एकटाच लांबच्या माळावर तोडायचं झाड बघायला गेला होता. झाड काही साक्ष देत नाही.

साक्ष दिली ती त्याच्या मावसभावाने. त्याला सगळे हसऱ्या म्हणत, कारण तोंड मिटलं तरी त्याचे दात दिसायचे. त्या सकाळी खालची मूठ ओढायला नवऱ्याच्या जागी तोच होता, म्हाताऱ्यानेच त्याला हे काम शिकवलेलं. हसऱ्याने कोर्टात सांगितलं, "करवत ओढताना मी समोर बघितलं. माझ्या भावाने मुकादमाच्या मानेवर कुऱ्हाड घातली." घरचाच माणूस, वैर काही नाही, तो खोटं का बोलेल? न्यायाधीशांनी मान डोलावली.

मग म्हातारा उभा राहिला. मुलाच्या पहिल्या वकिलाने त्याला आदल्या दिवशी पढवलं होतं, "फक्त एवढं म्हणायचं, मुलगा त्या वेळी माझ्याजवळ होता." म्हाताऱ्याने ऐकून घेतलं होतं. कोर्टात शपथ घेतली आणि बाबाने सगळंच बुडवलं.

"मुलगा कुठे होता?"

"झाड बघायला जातो म्हणून गेला. गेला का, कुठे गेला, मी पाहिलं नाही."

"तुम्ही कुठे होता?"

"ओंडक्यावर उभा."

"काय दिसलं?"

"सूत."

सरकारी वकील खो खो हसला. चाळीस पावलांवर खून होतो आणि याला सूत दिसतं! निकालात लिहिलं गेलं की बाप मुलाला पाठीशी घालतो आहे, त्याच्यावर विश्वास ठेवता येत नाही.

ती त्या दिवशी कोर्टाच्या पायरीवर म्हाताऱ्याला म्हणाली होती, "एक वाक्य जड झालं तुम्हाला? पोटच्या पोरासाठी एक वाक्य?" म्हातारा म्हणाला, "शपथ घेतली होती, पोरी." "घाला ती शपथ चुलीत," ती म्हणाली. त्यानंतर तीन वर्षं दोघांमध्ये कामापुरतं बोलणं. ओढ. थांब. पाचर दे. तेल लाव. वाढू का. बास.

मोठ्या कोर्टात अपील पडून होतं. एवढ्यात त्यासाठी सरकारकडून नवी वकीलबाई मिळाली होती. पोरसवदा बाई, चष्मा, दप्तर तिच्यापेक्षा जड. तिने बोलावणं पाठवलं तेव्हा दोघं एक ओला ओंडका अर्धा चिरून बसली होती. ओलं लाकूड अर्धवट सोडलं तर वाकडं होतं. म्हातारा एकदा लाकडाकडे आणि एकदा कागदाकडे बघत राहिला.

"जायचं का?" त्याने विचारलं.

"न जाऊन कसं चालेल?" ती म्हणाली. "लाकूड वाकडं झालं तर होऊ दे."

म्हाताऱ्याने गुपचूप चिरेत पाचर ठोकली, वर ओलं पोतं टाकलं आणि डोक्याला मुंडासं गुंडाळलं.

वकीलबाईंचं ऑफिस तिसऱ्या मजल्यावर, एका पंख्याखाली. खालच्या रखवालदाराने तिला दारातच अडवून पदर झटकायला लावला. "काय हे, पीठगिरणीतून आलात का?" चार माणसं हसली. तिने पदर झटकला, केस झटकले, तरी वर खुर्चीत बसल्यावर टेबलावर भुसा पडलाच. ती हाताने गोळा करायला लागली.

"राहू दे हो," वकीलबाई म्हणाली. "पण तुमचे डोळे असे का? रडलात का?"

"छे! रडायला सवड आहे कुठे. मी खाली असते ना."

"खाली म्हणजे?"

"खड्ड्यात. मामंजी वर, मी खाली. खालच्याच्या डोळ्यांचं असंच होतं. यांचेही असेच असायचे," ती म्हणाली. "यांचे" म्हणजे नवऱ्याचे.

वकीलबाई कागद चाळत होती, ती थांबली. "एक मिनिट. दोघं समोरासमोर उभे राहून कापत नाही का? एक इकडे, एक तिकडे, मध्ये झाड?"

सून आणि सासरा एकमेकांकडे बघायला लागले. तीन वर्षांत पहिल्यांदा दोघांच्या मनात एकच गोष्ट आली असावी, की ही बाई अकलेने जरा कमी दिसते.

"ते झाड आडवं तोडताना," म्हातारा समजुतीने म्हणाला. "आम्ही उभे चिरतो, बाई. फळ्या काढतो. एक वर, एक खाली. जगात सगळीकडे असंच."

"म्हणजे त्या सकाळी तुम्ही वर होता."

"तसंच सांगितलं मी कोर्टात. ओंडक्यावर उभा होतो."

"आणि हसऱ्या?"

"तो कुठे असणार? खाली."

"खड्ड्यात?"

"मग काय झाडावर?"

वकीलबाईने चष्मा काढला. "बाबा, खड्ड्यात असलेल्याला चाळीस पावलांवरचं काय दिसतं?"

"काही नाही," सून आणि सासरा एकदमच म्हणाले.

 वकीलबाईने कागद बाजूला सारले.

"हे तुम्ही कोर्टात का नाही सांगितलं?"

म्हातारा गोंधळला. "मला कुणी विचारलं नाही. आणि हे काय सांगायचं, बाई? मला वाटलं, एवढी शिकलेली माणसं, त्यांना माहीतच असणार. एक वर, एक खाली. हे लहान पोराला कळतं. हसऱ्या खोटं बोलला तेव्हा मला वाटलं, आता न्यायाधीश त्याच्या कानाखाली वाजवणार. ते काही बोलले नाहीत. मग वाटलं, त्यांचा काही हिशेब असेल."

सुनेने मुठीत गोळा केलेल्या भुशाकडे बघितलं. कारण तिलाही ते माहीत होतं. तिसऱ्या ओढीपासून माहीत होतं. रोज आठ तास तिच्या अंगावरून ते सांडत होतं आणि तिला एकदाही वाटलं नाही की हे कुणाला माहीत नसेल. तिला वाटायचं, हसऱ्याला काहीही दिसलेलं नाही हे सगळ्या जगाला ठाऊक आहे, सगळे मिळून खोटं रेटतायत. जगाला खड्डाच माहीत नव्हता.

"आता जाऊन सांगू?" तिने विचारलं.

"आता नवी साक्ष कुणी घेणार नाही. जे कागदावर आलंय त्याच्यावरच भांडायचं," वकीलबाई म्हणाली आणि कागदांत शिरली. तिची बोटं भराभर फिरत होती. "पंचनाम्यात खड्डा आहे का... आहे! 'सात फूट खोल खड्डा, त्यावर अर्धवट चिरलेला ओंडका, करवत ओंडक्यात अडकलेली, खड्ड्यात ताजा भुसा.' हे वाचलं होतं मी. मला वाटलं, पाण्याबिण्याचा खड्डा असेल." तिने कपाळावर हात मारून घेतला.

दोन दिवसांनी ती स्वतःच गावात आली. पायात बूट, अंगावर पांढरे कपडे. म्हणाली, मला उतरायचंय. म्हातारा नको नको म्हणत असताना शिडीवरून उतरलीसुद्धा. सुनेने तिच्या तोंडावर कापड ओढलं तर म्हणाली नको, मला बघायचंय ना. मग म्हाताऱ्याने वरून सूत धरलं, दोन्ही बायकांनी मिळून खालची मूठ ओढली. सहा ओढी झाल्या नाहीत तोच वकीलबाई शिंकायला लागली. अकरा शिंका सुनेने मोजल्या. पांढरे कपडे, चष्मा, भुवया, सगळं एका रंगाचं झालं.

"काय दिसलं?" वरून म्हाताऱ्याने विचारलं.

"तुमचे तळवे!" वकीलबाई ओरडली. "आधी दिसले. आता तेही दिसत नाहीत!"

सुनेला इतकं हसू आलं की मूठ सुटली. वरून आवाज आला, "मूठ सोडू नका, लाकूड फाटेल!" त्या दिवशी मात्र तिला त्याचा राग आला नाही.

मोठ्या कोर्टातलं बाक इतकं गुळगुळीत होतं की बसलं तरी घसरल्यासारखं वाटायचं. ती आणि म्हातारा शेवटच्या रांगेत बसली. पलीकडच्या टोकाला एक बाई एकटीच होती. मुकादमाची बायको. दोघींनी एकमेकींना ओळखलं आणि दोघींनी नजर खाली घातली.

समोर दोन न्यायाधीश होते, एक पांढऱ्या केसांचे, एक जाड. जाडे न्यायाधीश सगळं ऐकून कंटाळल्यासारखे दिसत होते. वकीलबाई उभी राहिली, पंचनामा वाचला, म्हाताऱ्याचा जबाब वाचला, एक वर आणि एक खाली हे दोनदा सांगितलं. सरकारी वकील म्हणाला, "साहेब, साक्षीदार माणूस आहे, मोळी नाही. मध्येच दमला असेल, वर आला असेल, पाणी प्यायला असेल, तेव्हा त्याने पाहिलं असेल."

जाडे न्यायाधीश म्हणाले, "तेही खरंच की."

 म्हाताऱ्याने गुडघ्यावरची मूठ आवळली.

"साहेब, त्याचं उत्तर साक्षीदारानेच दिलेलं आहे," वकीलबाई म्हणाली. "पहिल्या वकिलाने उलटतपासणीत त्याला विचारलं होतं की तू काम सोडून इकडे तिकडे भटकत होतास ना? म्हणून तुझं बोलणं खरं कसं मानायचं? त्यावर त्याने काय म्हटलं ते वाचते. 'हे खरं नाही. सकाळपासून मी करवतीची मूठ सोडली नव्हती. मुकादमावर घाव पडला तेव्हाही करवत चालू होती. आरडाओरडा ऐकल्यावर मग मी मूठ सोडली.'"

तिला तो दिवस आठवला. हसऱ्याने छाती काढून हे सांगितलं होतं. कामचुकार म्हटलेलं त्याला सहन झालं नव्हतं. काहीही म्हणा, म्हाताऱ्याने शिकवलेला होता. त्या वेळी तिला वाटलं होतं, झालं, याने शेवटचा खिळा ठोकला.

पांढऱ्या केसांच्या न्यायाधीशांनी टेबलावरची पट्टी उभी धरली. वरच्या टोकाला बोट लावलं, खालच्या टोकाला बोट लावलं. मग डावा तळहात पट्टीच्या मध्यावर आडवा धरला, ओंडका म्हणून. "हा वरचा माणूस, हा खालचा. मूठ हातात आहे, करवत चालू आहे, खड्डा सात फूट. सरकारी वकील, याने चाळीस पावलांवरची थप्पी कुठून पाहिली?"

सरकारी वकिलाने पट्टीकडे बघितलं. "साहेब, खड्ड्याच्या कडेवरून... मान उंचावून..."

"मान उंचावली की डोळ्यांत काय पडतं?"

 शेवटच्या रांगेतून म्हाताऱ्याच्या तोंडून निघालंच, "भुसा!" शिपाई धावत आला. न्यायाधीशांनी हाताने त्याला थांबवलं.

जाडे न्यायाधीश आता सरळ बसले होते. म्हणाले, "पण कुऱ्हाड यांचीच आहे. आदल्या दिवशी धमकी दिलेली आहे."

"कुऱ्हाड खड्ड्याच्या काठावर दिवसभर उघडी पडलेली असायची, साहेब, हे वखारीच्या पहारेकऱ्याच्याच साक्षीत आहे. वीस माणसांच्या हाताशी. आणि रागात बोलणारे सगळे मारायला लागले तर वखारीत लाकडापेक्षा मढी जास्त निघतील."

निकाल दहा दिवसांनी लागला. पांढऱ्या केसांच्या न्यायाधीशांनी वाचला, तिला समजेल इतक्या सावकाश. डोळ्यांनी पाहिलं म्हणणारा एकच साक्षीदार आहे, आणि तो जिथे उभा होता तिथून पाहणं शक्य नाही. खालच्या कोर्टाने कामाची पद्धत समजून घेतली नाही. मग ते थांबले, पाणी प्यायले आणि पुढे वाचू लागले.

"आरोपीच्या वडिलांची साक्ष, ते वडील आहेत एवढ्याच कारणाने फेटाळली गेली. आम्ही ती पुन्हा वाचली. या माणसाला मुलगा आपल्याजवळ होता असं म्हणता आलं असतं. म्हटलं असतं तर खोडून काढायला हा खड्ड्यातला साक्षीदार सोडला तर कुणी नव्हतं. ते म्हणाले, मी पाहिलं नाही. जो बाप मुलाच्या गळ्याला फास असताना सोपं खोटं बोलत नाही, तो ओंडक्यावर आपण होतो म्हणतो तेव्हा ते खरं मानायला हवं. आणि तो वर होता हे खरं, तर साक्षीदार खाली होता हेही खरं."

म्हातारा कानामागे हात धरून ऐकत होता. तिने त्याच्याकडे पाहिलं. तीन वर्षं ज्या वाक्यासाठी ती त्याच्यावर मनातल्या मनात धुमसत होती, ते वाक्य तो बोलला असता तर आज त्याचं दुसरं कुठलंच वाक्य कुणी खरं धरलं नसतं. तिला त्याच्या पायांवर डोकं ठेवावंसं वाटलं, आणि तितकंच त्याच्या पाठीत एक गुद्दा घालावासाही वाटला. एवढी तीन वर्षं, बाबा! एकदा तरी तोंड उघडून खड्ड्याचं बोलायचं होतं!

"शिक्षा रद्द. आरोपीला सोडून द्यावं."

जीव भांड्यात पडला म्हणतात तो कसा पडतो ते तिला त्या दिवशी कळलं. भूक लागली. सपाटून भूक लागली.

बाहेर जिन्यात मुकादमाची बायको उभी होती. तिला चुकवून जाता येण्यासारखं नव्हतं. ती म्हणाली, "मग माझ्या माणसाला मारलं कुणी?"

 म्हातारा पुढे झाला. "बाई, मला माहीत असतं तर मी सांगितलं असतं," तो म्हणाला.  त्या बाईने मान डोलावली आणि ती जिना उतरून गेली. तिने त्याच्यावर विश्वास ठेवला होता हे स्पष्ट दिसलं.

कागद एका कोर्टातून दुसऱ्या ऑफिसात, तिथून तुरुंगात जायला किती दिवस लागतील ते वकीलबाईलाही सांगता येईना. आठवडा म्हणा, पंधरवडा म्हणा. मग घरी बसून करायचं काय? पाचर ठोकून ठेवलेला तो ओंडका कोर्टाच्या खेपांत तसाच राहिला होता. थोडा वाकला होता, फार नाही.

त्या आठवड्यात एका दुपारी हसऱ्या कुंपणापाशी येऊन उभा राहिला. आता तो वखारीतल्या यंत्रावर होता. त्या दिवशी दात दिसत नव्हते.

"काका, सगळेच म्हणत होते त्यानेच केलं," तो जमिनीकडे बघत म्हणाला. "पोलीस म्हणाले, वखारीचे मालक म्हणाले. मला वाटलं, केलंच आहे त्याने, तर पाहिलं म्हणायला काय बिघडलं? मी काही वेगळं सांगत नव्हतो."

म्हातारा करवतीचे दाते कानशीने घासत होता. एक दाता झाला, दुसरा झाला.

"तुला मी शिकवताना काय सांगितलं होतं? सूत दिसत नसेल तर काय करायचं?"

"थांबायचं."

"मग?"

हसऱ्याने कुंपणावरचा हात काढून घेतला. सुनेने त्याला पाणीही विचारलं नाही. तेवढा मोठेपणा तिच्यात नव्हता, आणि कशाला असावा? तो गेला. म्हाताऱ्याने कानस खाली ठेवली आणि शिडीपाशी जाऊन खड्ड्यात पाय टाकला.

"हे काय करताय?" ती म्हणाली.

"तू वर जा."

"मला वरचं येत नाही."

"तीन वर्षं खाली राहिल्यावर वरचं आपोआप येतं. चढ."

"मामंजी, या वयात खाली कुठे जाताय? खांदा निखळेल."

"निखळू दे. तुझा निखळला तेव्हा मी थांबलो का?" तो म्हणाला आणि उतरलासुद्धा. डोक्याला कापड बांधताना आतून कुरकुर ऐकू आली, "अरे देवा, केवढा हा भुसा! काढत का नाहीस गं कधी?"

"तुम्ही सवड दिली असती तर काढला असता," ती म्हणाली.

ती ओंडक्यावर चढली. पायाची बोटं कडेला आवळली. पहिल्या काही ओढी वेड्यावाकड्या गेल्या, खालून शिव्या आल्या. मग करवत सुतावर बसली. खरंच, हात आपोआप उचलत होते. ऊन अंगावर होतं, वारा होता, कुठूनही डोळ्यांत काही येत नव्हतं. काळी रेघ एकेक बोट पुढे सरकत होती. नजर सुतावरून काढायची नाही, एवढं तिने मनात घोकलं.

दोन हात लाकूड चिरून झालं असेल. तिने घाम पुसायला मान वर केली आणि लांब, वळणावर एक माणूस दिसला. हातात कापडाचं गाठोडं. सावकाश चालत होता, सवय मोडल्यासारखा. उजवा खांदा डाव्यापेक्षा खाली.

खालच्या मुठीचा खांदा. तिने लगेच ओळखला.

करवत थांबली. खालून म्हाताऱ्याने एकदा ओढून पाहिली, दोनदा ओढून पाहिली.

"काय झालं? सूत सुटलं का?"

ती डोळ्यांवर हात धरून रस्त्याकडे बघत होती.

"अगं, बोल की! पाचर देऊ?"

"मामंजी," ती कसंबसं म्हणाली, "कुणीतरी येतंय रस्त्याने."

"कोण?"

"तुम्हीच बघा ना."

"मी काय बघू, कप्पाळ!" खड्ड्यातून म्हातारा वैतागून ओरडला. "इथून तुझ्या टाचांशिवाय काही दिसतंय का?"

ती हसायला लागली. हसता हसता रडायला लागली आणि रडत रडत ओंडक्यावरच खाली बसली, करवतीची मूठ दोन्ही हातांत धरून. मूठ मात्र तिने सोडली नाही. कुंपणाचं दार उघडून नवरा आत आला. बायको ओंडक्यावर, उन्हात, एकटी. तो तिथेच थबकला.

"अगं, तू वर?" तो म्हणाला. "आणि बाबा कुठे आहेत?"

तिने बोटाने खाली दाखवलं.

"कोण बोलतंय रे ते?" जमिनीच्या आतून म्हातारा गरजला. "कोण आहे? असा पुढे ये, मला दिसत नाहीये!"

नवरा धावत काठापाशी आला, आणि शिडी न शोधता त्याने तशीच खड्ड्यात उडी टाकली.